तारवळीचा कानोसा

घोळ माशाचा आवाज परत आला तेव्हा हेमांगी डोर्लेकर तांदूळ धूत होती. खडपी बेटावरच्या समुद्र-अभ्यास केंद्रात स्वयंपाकघर आणि यंत्रांची खोली यांच्यामध्ये दार नव्हतं, नुसती चौकट होती. ती एकटीच राहत असल्यामुळे दार बसवून घ्यावं असं तिला कधी वाटलं नव्हतं. यंत्रांच्या खोलीतला स्पीकर दिवसभर मंद चालू असायचा. समुद्राच्या तळाचा तो आवाज तिच्या इतका अंगवळणी पडला होता की पंख्याच्या आवाजासारखा तो असूनही नसायचा. त्या संध्याकाळी त्यात काहीतरी वेगळं आलं. ढब, ढब, ढब. मग विश्रांती. मग पुन्हा. कोणी लांबवर रिकाम्या पिंपावर बोटांनी वाजवावं तसं.

ती ओल्या हातांनीच पडद्यासमोर आली. आवाज उमटत होता ती जागा बेटापासून हाकेच्या अंतरावर होती. पडद्यावर यंत्रानं एक पिवळा ठिपका टाकला होता आणि त्याच्याशेजारी प्रश्न विचारला होता : घोळ? खात्री करा.

हेमांगी खुर्चीवर बसली. चार वर्षं तारवळीच्या पाण्यात हा आवाज कोणी ऐकला नव्हता.

नकाशावर त्या पाण्याचं नाव तारवळीचा उपसागर असं आहे. काठावरची माणसं त्याला नुसतं 'पोट' म्हणतात. बोट पोटात आहे की बाहेर गेली, एवढंच विचारतात. घोड्याच्या नालासारखा त्याचा आकार. उत्तरेच्या टोकाला भाटमाळ, दक्षिणेच्या टोकाला आंबोळशी, आणि दोन टोकांच्या मधल्या तोंडात दातात अडकलेल्या सुपारीच्या खांडासारखं खडपी बेट. आंबोळशीहून भाटमाळला गाडीनं जायचं तर सगळ्या नालाला वळसा घालावा लागतो, तीन खाड्यांवरचे तीन पूल ओलांडावे लागतात आणि अर्धा दिवस जातो. होडीनं तेच अंतर तासाभराचं. त्यामुळे दोन्ही टोकांच्या लोकांना समोरचं गाव रोज दिसतं आणि तिथं जाणं मात्र क्वचित होतं.

तीन खाड्यांचं पाणी ओहोटीला एकाच वेळी बाहेर निघतं. तोंडाच्या उत्तरेकडच्या भागात वाळूचा मोठा दांडा साठला आहे, तिकडून पाणी फारसं जात नाही. मग ते सगळं खडपी आणि आंबोळशी यांच्यामधल्या अरुंद फटीतून घुसतं, आणि हजारो वर्षं तसंच घुसत आल्यामुळे त्यानं तिथं तळ उकरून एक खोल खड्डा केला आहे. पोटातला सगळ्यात खोल भाग तोच. लोक त्याला बेंबी म्हणतात. पिवळा ठिपका बेंबीवर होता.

तळावरचा आवाज वर कसा येतो हे हेमांगीनं आंबोळशीच्या बायकांना एकदा समजावून सांगितलं होतं. संदेश वाहून नेणारी काचेची तार समुद्रतळावरून टाकलेली असते, केसाएवढी बारीक. त्या काचेत ठिकठिकाणी डोळ्यांना न दिसणारे दोष असतात. तारेत प्रकाशाची चमक सोडली की प्रत्येक दोषावर आपटून तिचा कणभर भाग मागे फिरतो. आता तळ जरासा हादरला, म्हणजे वरून बोट गेली, खडक सरकला, मासा ओरडला, तर तिथली तार तेवढ्यापुरती ताणली जाते आणि परत येणारा प्रकाश किंचित बदलतो. तो बदल मोजता आला की तारेचा प्रत्येक वीतभर तुकडा म्हणजे एक कान. पोटाच्या तळावर अशा तारांचं जाळं अंथरलं गेलं आणि सगळा उपसागर ऐकू यायला लागला. भरतीचं पाणी कुठून शिरतं, कुठं वळतं, वाळू कुठून कुठं सरकते, सगळं. हेमांगीनं त्या आवाजांवरून पोटाचा जो नकाशा काढला, तितका बारीक नकाशा त्या किनाऱ्याचा कोणीही कधी काढला नव्हता.

त्यातूनच 'कानोसा' निघाला. घोळीचा नर माद्यांना जमवायला आवाज करतो. पोटात त्याला हवेची पिशवी असते, कोळी तिला भोत म्हणतात आणि बाजारात तिला सोन्याचा भाव असतो, तिच्यावर तो स्नायू ढोलासारखा वाजवतो. ढोमा, शिंगाळा, प्रत्येक माशाचा सूर वेगळा. यंत्र ते सूर ओळखायला शिकलं आणि मच्छीमारांच्या फोनवर ठिपके दाखवायला लागलं : इथं घोळ, इथं ढोमा. उगाच भटकायला नको, डिझेल जाळायला नको. खरवी समाजाच्या त्या आंबोळशी गावात हेमांगी ही समुद्रविज्ञान शिकलेली पहिली मुलगी. तिचं लग्न पुण्यात झालं होतं आणि पुण्यातच मोडलं होतं, आणि त्यानंतर ती जी परत आली ती हे काम घेऊन. पहिला ठिपका तिनं तिच्या थोरल्या भावाच्या, रुपेशच्या फोनवर टाकला होता. त्या दिवशी रुपेशची होडी घोळींनी इतकी भरली की पाणी काठाला लागलं. त्यानं भर बाजारात बहिणीचं नाव घेऊन नारळ फोडला.

मग जे झालं ते कोणालाही आधी सांगता आलं असतं, पण कोणी सांगितलं नाही. पूर्वी घोळ पावसाळ्यात, मासेमारी बंद असताना जमायची. समुद्र तापत गेला तसा तिचा हंगाम अलीकडे सरकला, फाल्गुन-चैत्रात आला, होड्या ऐन भरात असताना. आता ती जिथं बोलेल तिथं जाळं पडू लागलं. जो नर आवाज करी तो मरे, आणि त्याच्या आवाजानं आलेल्या माद्याही. भाटमाळच्या होड्या आल्या, लांबच्या बंदरांचे ट्रॉलर आले. दुसऱ्या वर्षी मासळी भरपूर, तिसऱ्या वर्षी बरी, चौथ्या वर्षी फाल्गुन आला आणि पोट मुकं. त्यानंतर दरवर्षी तसंच. ढोमाही गेला, शिंगाळाही गेला. माणसं एकमेकांना दोष देत राहिली, हेमांगीला कोणी दिला नाही. कानोसा ही तिनं गावाला दिलेली वस्तू होती. वस्तू चांगली होती, मासाच कमी झाला, असं लोक म्हणत.

हेमांगी तसं म्हणू शकत नव्हती. तिनं एक हिशेब मांडून पाहिला होता. घोळीची अंडी पाण्यात तरंगतात. पोटात कुठल्याही जागी ती सोडली तर ओहोटी त्यांना बाहेर नेते, नाहीतर ती चिखलावर सुकतात. फक्त एक जागा अशी होती की तिथं भरती लागायच्या बेताला सोडलेली अंडी तिन्ही खाड्यांच्या कांदळवनात पोचत, जिथं पिल्लं वाढतात. ती जागा बेंबी. सगळ्या पोटाचं पोषण त्या एका खड्ड्यातून होत होतं, आणि बेंबीवरून शेवटची घोळ तिच्याच ठिपक्यानं उचलली गेली होती.

पडद्यावरचा प्रश्न तसाच उभा होता. तिनं हो म्हटलं तर ठिपका पाचशे फोनांवर जाणार. नाही म्हटलं तर यंत्र विचारणार, मग काय आहे?

तिनं लिहिलं : बेटाच्या जेटीवरचा पाण्याचा पंप.

ठिपका विझला. स्पीकरवर आवाज चालूच होता. तिनं भात शिजवला आणि पडद्यासमोर बसून जेवली. अंधार पडल्यावर तो आवाज थांबला. उत्तर देणारा दुसरा आवाज कुठंच नव्हता.

शिमग्याच्या दुसऱ्या दिवशी दुपारी रुपेश आला. त्याची होडी येताना पडद्यावर दिसली, तेव्हा तिनं पहिल्यांदा स्पीकर बंद केला. आईनं पुरणपोळ्या दिल्या होत्या. त्यानं डबा ओट्यावर ठेवला, पाणी मागितलं, आणि घरच्या गोष्टी सांगू लागला. आईचे गुडघे, वहिनीचं शिवणकाम, लेकीची शाळा. पालखीला या वर्षी खांदे कमी पडले, पोरं सगळी बाहेर गेली, असं सांगितलं. हेमांगी ऐकत होती आणि खिडकीतून ऊन कुठं आलं ते बघत होती. घोळ मावळतीला बोलायला लागते.

"आज आवाज बंद केलास?" त्यानं विचारलं.

"डोकं दुखतंय."

मग तो मुद्द्यावर आला. वेरावळच्या एका ट्रॉलरवाल्याला बोट चालवणारा तांडेल हवा होता. होडीला भाटमाळचं गिऱ्हाईक आलं होतं, इंजिन काढून घेणार होतं, लाकूड टाकून देणार होतं. वडिलांच्या हातची होडी, पण पोटात काही नसेल तर ती वाळूत कुजवण्यात काय अर्थ, असं तो म्हणाला. एखादा हंगाम हाती लागला असता तर तो थांबला असता. लेक दहावीला होती, तिला गुजरातीत कुठं घालणार.

"म्हणून तुला विचारायला आलो," तो म्हणाला. "पोटात काय उरलंय का गो? तू नाय म्हणालीस तर मी जातो. बाकी कोणाला विचारणार नाय."

हेमांगीला माहीत होतं की बेंबीवर आता तीन आवाज आहेत. एक जाळं नीट पडलं तर तिन्ही नर आणि त्यांच्याभोवती जमलेल्या माद्या एका संध्याकाळी वर येतील. तेवढ्यावर होडी राहील, घर राहील, रुपेश राहील. एक हंगाम. त्यानंतर बेंबी रिकामी झाली की ती पुन्हा भरायला घोळ कुठून येईल, याचं उत्तर तिच्याकडं नव्हतं.

"नाही," ती म्हणाली. "काही नाही उरलेलं."

रुपेशनं मान हलवली. त्यानं तिच्या तोंडाकडं बघितलंही नाही, कारण तिच्या बोलण्याची खात्री करून घ्यायची त्याला कधी गरजच वाटली नव्हती. पोळ्या खाऊन टाक, उद्या कडक होतील, असं म्हणून तो उठला. ती त्याला जेटीपर्यंत सोडायला गेली. जुनी जेटी कधीच पाण्याखाली गेली होती, नवी तरंगती होती, आणि तिच्यावर नीट उभं राहायला एकमेकांना धरावं लागायचं. त्यानं तिचा हात धरून होडीत पाय टाकला. बेंबीवरूनच तो गेला. त्याच्या खाली घोळी होत्या आणि इंजिनाच्या आवाजानं त्या घटकाभर गप्प झाल्या असणार.

चैत्रात होडी मोडली गेली. रुपेश वेरावळला गेला, आणि पावसाळा संपल्यावर त्यानं बायकोला, लेकीला आणि आईलाही तिकडं नेलं. जाताना आई फोनवर म्हणाली की तूही ते बेट सोड आता, एकटी कशाला राहतेस. हेमांगीनं काम आहे म्हणून सांगितलं. तोवर रोज संध्याकाळी समोरच्या किनाऱ्यावर घराचा दिवा दिसायचा. आता आंबोळशीच्या त्या बाजूला अंधार असे. सोमवारी ड्रोन किराण्याची पिशवी गच्चीवर टाकून जाई. कधीतरी कोणी फोन करी. बाकी दिवसभर तिच्याशी बोलायला तळाचा आवाज होता, आणि तोही तिच्याशी बोलत नव्हता.

दुसऱ्या फाल्गुनात बेंबीवर तीनाचे बरेच आवाज झाले. हेमांगीनं सगळ्यांपुढं पंप लिहिलं. एका संध्याकाळी भाटमाळच्या काही होड्या तिकडं जाळी घेऊन वळताना दिसल्या, नुसत्या नशीब आजमावायला. तेव्हा तिनं उत्तरेच्या दांड्याजवळ एक खोटा ठिपका टाकला. होड्या वळल्या आणि तिकडं गेल्या. रिकाम्या पाण्यावर त्या बराच वेळ फिरत राहिल्या. ती पडद्यावर बघत होती. त्या होड्यांतल्या प्रत्येक इंजिनाचा सूर तिला ओळखू येत होता, म्हणजे कोण कोण आलं होतं हे तिला ठाऊक होतं. त्यानंतर तिनं खोटा ठिपका कधी टाकला नाही, पण टाकायची वेळ आली नाही म्हणून. आली असती तर टाकला असता, हे ती स्वतःशी कबूल करत असे.

इर्शाद मुकादम त्या पावसाळ्यानंतर आले. भाटमाळच्या कार्यालयात ते यंत्रांचे मुख्य होते, निवृत्तीला आलेले, दर सहा महिन्यांनी तारांची तपासणी करायला लाँचनं येत. हेमांगी त्यांना इर्शादभाई म्हणे. या वेळी त्यांनी हत्यारांची पेटी उघडलीच नाही. चहा घेतला आणि विचारलं की बेटावर पंप किती आहेत.

"एक," हेमांगी म्हणाली.

"मी मघाशी जेटीवर पाहिला. गंजून पडलाय."

मग इर्शादभाईंनी शांतपणे सगळं सांगितलं. कानोसा एकट्या तारवळीचा राहिला नव्हता. तीच प्रणाली आता वेरावळपासून कारवारपर्यंत चालत होती, आणि सगळीकडे मिळून ती एकच डोकं होतं. एका ठिकाणी माणसानं शिकवलं की सगळीकडे शिकलं. हेमांगी त्या प्रणालीची सगळ्यात जुनी, सगळ्यात विश्वासाची शिक्षक, तिचा शब्द प्रणाली इतरांच्या शब्दापेक्षा जास्त मानायची. दोन हंगाम तिनं घोळीच्या आवाजाला पंप म्हटलं होतं. आता कुठल्याही पाण्यात घोळ बोलली की कानोसा तिला पंप समजून गाळून टाकत होता. सगळ्या किनाऱ्यावर घोळीचा ठिपका उमटणं बंद झालं होतं. लोक म्हणत होते, मासा संपला.

हेमांगीनं एका खड्ड्यापुरतं खोटं सांगितलं होतं. यंत्रानं ते मनावर घेतलं होतं.

वेरावळच्या ट्रॉलरवर रुपेश असाच एक पडदा समोर ठेवून बसत असेल, हे तिच्या लक्षात आलं. तिकडंही त्याला काही मिळत नव्हतं, असं वहिनी मध्यंतरी म्हणाली होती. मालक चिडचिड करतो. तिनं तेव्हा नुसतं हं म्हटलं होतं.

इर्शादभाई म्हणाले की दुरुस्ती अवघड नाही. एका दिवसाचं काम. फक्त चूक कुठून आली ते वर सांगावं लागेल, आणि मग बेंबीही सांगावी लागेल. त्यांनी असंही सांगितलं की बेंबी राखीव करायचा अर्ज टाकता येईल, पण अर्ज टाकला की जागा जाहीर होते, आणि हुकूम निघेपर्यंत एक हंगाम तरी जातो. त्या एका हंगामात काय होईल हे दोघांनाही समजत होतं. मग त्यांनी तिच्याकडं पाहिलं.

"करू दुरुस्त? तू सांगशील तसं."

"माझा भाऊ तिकडं आहे," ती म्हणाली.

"ठाऊक आहे मला."

ती उठून खिडकीशी गेली. ओहोटी लागली होती. तीन खाड्यांचं गढूळ पाणी बेटाच्या अंगाला घासत फटीकडं चाललं होतं. ती परत येऊन बसली आणि एक हंगाम थांबा म्हणाली. इर्शादभाईंनी कप धुऊन पालथा घातला. त्यांनाही घरी मुलं होती, मासेमारीतली माणसं होती, आणि भाटमाळच्या मशिदीत शुक्रवारी शेजारी बसणारे तेच लोक होते. ते लाँचमध्ये बसताना म्हणाले की आपण दोघांनी मिळून हे केलंय असं धर, तुझं एकटीचं नाही. पण त्यांना भाटमाळ होतं. लाँच गेल्यावर ती एकटीच राहिली.

एकाचे तीन हंगाम झाले.

पहिला आवाज आल्याच्या चौथ्या वर्षी आंबोळशीच्या खाडीत चिखलातल्या तिसऱ्या, म्हणजे शिंपल्या, काढणाऱ्या बायकांना कांदळवनाच्या मुळांत बोटभर पिल्लं दिसली. त्यांनी ती ओळखली नाहीत, इतकी वर्षं कोणी पाहिलीच नव्हती. पुढच्या वर्षी ती हातभर झाली, आणि तिन्ही खाड्यांत दिसली. आता एक हंगाम गेला तरी बीज उरेल असं दिसलं, तेव्हा हेमांगीनं अर्ज टाकला. इर्शादभाईंनी दुरुस्ती केली. बेंबी फाल्गुन-चैत्रात बंद झाली, आणि जमलेल्या माशांचे आवाज मच्छीमारांच्या फोनवर कुठंही दाखवायचे नाहीत असं वरून ठरलं. पोटात इतरत्र मासा होता, आणि तो रीतसर धरता येत होता. भाटमाळला तीन नव्या होड्या बांधायला घेतल्या.

कोणी विचारलं नव्हतं, तरी हेमांगी आंबोळशीला गेली आणि देवळाच्या मंडपात गावापुढं उभी राहून सगळं सांगितलं. पहिला आवाज कुठल्या फाल्गुनात ऐकला, पंप काय होता, उत्तरेचा ठिपका कुणी टाकला. इर्शादभाईंचं नाव घेतलं नाही. मंडपात कोणी आवाज चढवला नाही. एका म्हाताऱ्यानं एवढंच विचारलं की तेव्हा सांगितलं असतंस तर काय झालं असतं, आणि दुसऱ्यानं त्याला तिथंच सांगितलं की काय झालं असतं ते तुला माहितेय. पण त्या हंगामांत ज्यांची पोरं गाव सोडून गेली होती ती घरं मंडपात बसली होती. ती माणसं उठून गेली. तिला बेटावर सोडायला होडी मिळाली, पण होडीवाला वाटभर बोलला नाही.

रुपेशला तिनं आधी सांगायला हवं होतं. तिनं दोनदा फोन लावला होता आणि वहिनीशी बोलून ठेवून दिला होता. तिच्या आधी गावच वेरावळला पोचलं.

तो लगेच आला नाही. पुढच्या फाल्गुनात, शिमगा आटोपल्यावर, कोणाच्या तरी होडीतून आला. केस पांढरे झाले होते. ती जेटीवर हात पुढं करून उभी होती. त्यानं जेटीच्या कठड्याला धरून उडी मारली आणि आईला आता चालवत नाही, एवढं सांगितलं. दोघं वर आले. या वेळी स्पीकर चालू होता. ऊन उतरत होतं. पाण्यात एका नरानं सुरुवात केली, मग दुसऱ्यानं, आणि थोड्याच वेळात खोलीत इतका गजर भरला की तिनं उठून आवाज कमी केला. तरी तो ऐकू येतच राहिला, कारण तो आता स्पीकरमधून येत नव्हता. खालच्या खडकातून, भिंतींतून, जमिनीवर टेकलेल्या पायांतून येत होता.

रुपेश ऐकत बसला. त्यानं डोळे मिटले होते.

"मी विचारलं तेव्हा होती?" त्यानं विचारलं.

"होती. तीन नर होते."

"मला सांगितलं असतंस तर मी तिथं जाळं टाकलं असतं, असं तुला वाटलं."

"हो दादा."

त्यानं डोळे उघडले आणि बहिणीकडं पाहिलं. राग नव्हता त्यात. असता तर तिला बरं वाटलं असतं.

"टाकलंच असतं," तो म्हणाला. "वेरावळला लय रात्री मी ह्याचाच विचार केला. नसतं टाकलं असं मला स्वतःला सांगून बघितलं, जमलं नाय. लेक दहावीला होती. टाकलंच असतं." त्यानं नजर खिडकीकडं वळवली. "म्हणून तुझ्यावर रागावता येत नाय. आणि इथं परत येऊन राहतापण येत नाय. तुझ्या तोंडाकडं बघितलं की मला माझंच दिसतं."

हेमांगीनं त्याला राहायला सांगितलं नाही. सांगायचं तिच्या मनात खूप होतं. होडी पुन्हा बांधता येईल, घर अजून उभं आहे, आईला इथलं पाणी मानवेल. पण जो माणूस एकदा तिच्या शब्दावर गाव सोडून गेला होता, त्याला शब्दानं परत बोलावायचा हक्क आपल्याला उरलेला नाही असं तिला वाटलं. तिनं चहा केला. त्यानं तो प्यायला. लेक आता वेरावळला बर्फाच्या कारखान्यात हिशेब बघते, तिथलाच मुलगा बघितलाय, लग्नाला ये, असं त्यानं सांगितलं. येईन, ती म्हणाली. खाली होडीवाला हाका मारायला लागला, ओहोटीचा जोर वाढायच्या आत फट ओलांडायची होती. बेंबीवरून आता कोणी जात नव्हतं, लांबून वळसा घालावा लागायचा.

जेटीवर तो घटकाभर थांबला. तिच्या डोक्यावर हात ठेवतो की काय असं वाटलं, पण त्यानं फक्त पदराला लागलेलं भाताचं शीत काढून पाण्यात टाकलं. मग गेला.

ती वर आली तेव्हा फोन वाजत होता. इर्शादभाई निवृत्त झाले होते, तरी हंगामात रोज संध्याकाळी भाटमाळहून एकदा विचारायचे. आज किती आवाज आहेत, त्यांनी विचारलं. तिनं पडद्याकडं पाहिलं. ठिपक्यांवर ठिपके चढले होते, सगळी बेंबी पिवळी झाली होती. मोजता येत नाहीत, असं तिनं सांगितलं. ते समाधानानं हसले. मग त्यांनी विचारलं की रुपेश येणार होता ना.

"येऊन गेला," हेमांगी म्हणाली.